गृहकर्ज : वीस लाखांचे बेचाळीस लाख कसे होतात?

'घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून' ही म्हण रूढ झाली त्या काळी घर बांधणाऱ्यापुढे विटा, लाकूड आणि गवंड्याची मजुरी एवढाच हिशोब असे. आज त्यात गृहकर्जाच्या हिशोबाची भर पडली आहे आणि बहुतेक घरांत तोच सर्वांत मोठा खर्च ठरतो. विटेचा भाव चार ठिकाणी विचारणारा गृहस्थ कर्जाच्या बाबतीत मात्र एकच प्रश्न विचारतो : 'हप्ता किती बसेल?' हप्ता परवडला की कर्ज परवडले, असे तो गृहीत धरतो. हा समज किती महाग पडतो, हे आकड्यांतूनच समजून घेतले पाहिजे.

गृहकर्ज हा आता केवळ मुंबई-पुण्याचा विषय राहिलेला नाही. भंडारा जिल्ह्याचे विभाजन होऊन १ मे १९९९ रोजी गोंदिया जिल्हा अस्तित्वात आला. त्यातील सडक अर्जुनी हे नागपूर-रायपूर महामार्गावरील तालुक्याचे ठिकाण. भोवताली धानाची शेती आणि जंगल, तर गावात तहसील, पंचायत समिती, शाळा आणि बाजारपेठ. अशा गावांतून कवेलूंच्या घरांच्या जागी स्लॅबची घरे उभी राहत आहेत आणि त्यांतील अनेकांच्या पायाखाली बँकेचे कर्ज आहे. सडक अर्जुनीतील ३८ वर्षे वयाच्या एखाद्या शिक्षकाचे उदाहरण घेऊ. स्वतःच्या प्लॉटवर घर बांधण्यासाठी त्याने २० वर्षे मुदतीचे, ८.५ टक्के दराचे २० लाख रुपयांचे कर्ज घेतले, असे मानू. राज्यातील शिक्षक ५८ व्या वर्षी निवृत्त होतो. म्हणजे शेवटचा पगार आणि शेवटचा हप्ता एकाच वेळी येणार. यात चुकीला जागा नाही.

हप्त्याच्या पोटात काय असते?

या कर्जाचा मासिक हप्ता १७,३५६ रुपये येतो. २४० हप्त्यांत मिळून सुमारे ४१ लाख ६५ हजार रुपये भरावे लागतात. यापैकी मुद्दल २० लाख आणि व्याज २१ लाख ६५ हजार. घर एकच, पण त्यासाठी दोन घरांचे पैसे मोजावे लागतात.

व्याज दरमहा शिल्लक मुद्दलावर लागते. सुरुवातीला शिल्लक मोठी असल्यामुळे पहिल्या हप्त्यातील १४,१६७ रुपये व्याजापोटी जातात आणि मुद्दलात केवळ ३,१९० रुपये जमा होतात. पाच वर्षांत कर्जदार १० लाख ४१ हजार रुपये भरतो, परंतु मुद्दल कमी होते ते २ लाख ३७ हजारांनी. निम्मे मुद्दल फिटायला १३ वर्षे १० महिने लागतात. यात बँकेची फसवणूक नाही. समान हप्त्याच्या गणिताचा हा स्वभावच आहे. मात्र तो ठाऊक नसल्यामुळे 'इतकी वर्षे भरतोय, तरी कर्ज तेवढेच कसे?' हा प्रश्न घरोघरी ऐकू येतो.

मुदतीचा मोह

हप्ता कमी करण्याचा सोपा उपाय म्हणजे मुदत वाढविणे. त्याची किंमत पुढील तुलनेवरून दिसेल. कर्ज २० लाख आणि दर ८.५ टक्के हे तिन्ही ठिकाणी समान आहेत.

१५ वर्षे : हप्ता १९,६९५ रुपये, एकूण व्याज १५ लाख ४५ हजार.
२० वर्षे : हप्ता १७,३५६ रुपये, एकूण व्याज २१ लाख ६५ हजार.
३० वर्षे : हप्ता १५,३७८ रुपये, एकूण व्याज ३५ लाख ३६ हजार.

वीसऐवजी तीस वर्षे केल्यास हप्ता दोन हजारांहूनही कमी रकमेने उतरतो आणि व्याज १३ लाख ७० हजारांनी वाढते. उलट दरमहा २,३३९ रुपये अधिक भरण्याची तयारी ठेवल्यास पाच वर्षे आणि ६ लाख २० हजार रुपये वाचतात. कर्जाचा खर्च हप्त्याच्या आकड्यावरून कळत नाही. तो महिन्यांच्या संख्येवरून कळतो.

दर तोच, हिशोब वेगळा

'दर किती?' या प्रश्नालाही एकच उत्तर नसते. मुद्दलातील घट दरमहा विचारात घेतली जाते की वर्षअखेरीस, यावर खर्च बदलतो. पूर्वी वार्षिक पद्धतीने आकारणी होणारी गृहकर्जे सर्रास असत. त्या पद्धतीने वरील कर्जाचा हप्ता १७,६१२ रुपये होतो, म्हणजे दर तोच राहूनही वीस वर्षांत ६१ हजारांहून अधिक रक्कम जास्त जाते.

'फ्लॅट' दर त्याहून फसवा. यात घटत्या शिल्लकेचा विचार न करता मूळ रकमेवरच अखेरपर्यंत व्याज धरले जाते. २० लाखांवर १५ वर्षांसाठी ६ टक्के फ्लॅट दर म्हणजे १८ लाख व्याज. घटत्या शिल्लकेवरील ८.५ टक्क्यांचे व्याज मात्र १५ लाख ४५ हजार. सहा टक्के हे साडेआठ टक्क्यांपेक्षा महाग कसे ठरतात, ते इथे दिसते. पतसंस्था असो वा खासगी वित्तसंस्था, आकारणीची पद्धत लेखी विचारून घ्यावी.

लहान गावांत आणखी एक अडचण उद्भवते. प्लॉट अकृषिक झालेला नसेल, सातबारा किंवा नमुना आठवर नावांचा घोळ असेल किंवा जमीन भोगवटादार वर्ग २ ची असेल, तर बँक कर्ज नाकारते अथवा आधी परवानगी आणावयास सांगते. घाईत असलेला माणूस मग जादा दराच्या खासगी कर्जाकडे वळतो. दोन-तीन टक्क्यांचा हा फरक वीस वर्षे सोबत राहतो. त्यामुळे कागदपत्रे आधी दुरुस्त करून घेणे हीदेखील व्याजाची बचतच होय.

दर वाढला की काय होते?

बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. बँकांचे दर ठरविण्याची पद्धत वेळोवेळी बदलली. जुलै २०१० मध्ये आधार दर आला, एप्रिल २०१६ मध्ये निधीच्या सीमांत खर्चावर आधारित दर आला आणि १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांच्या नव्या बदलत्या दराच्या गृहकर्जांना रेपो दरासारख्या बाह्य मापदंडाशी जोडणे बंधनकारक झाले. त्यामुळे रिझर्व्ह बँकेच्या निर्णयाचा परिणाम कर्जदारापर्यंत लवकर पोहोचू लागला, मग तो लाभाचा असो वा तोट्याचा.

मे २०२० पासून रेपो दर ४ टक्क्यांवर होता. त्या काळात पावणेसात टक्क्यांच्या आसपास गृहकर्ज मिळत असे. ४ मे २०२२ पासून दरवाढ सुरू झाली आणि ८ फेब्रुवारी २०२३ रोजी रेपो दर ६.५० टक्क्यांवर पोहोचला. अवघ्या नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्क्यांची वाढ झाली.

याचा अर्थ असा. ६.७५ टक्के दराने वीस वर्षांसाठी २० लाख घेणाऱ्याचा हप्ता १५,२०७ रुपये होता. वर्षभरानंतर त्याची शिल्लक १९ लाख ५१ हजार राहिली. दर ९.२५ टक्के झाल्यावर या शिल्लकेवरील एका महिन्याचे व्याजच १५,०३९ रुपये होते. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जमा होतात फक्त १६८ रुपये आणि उरलेली १९ वर्षांची मुदत सुमारे ४९ वर्षांवर जाते. मुदत १९ वर्षेच ठेवायची तर हप्ता १८,१९९ रुपये करावा लागतो. पन्नाशीकडे निघालेल्या पगारदारासाठी यातील पहिला मार्ग अशक्य आणि दुसरा जाचक आहे. प्रत्यक्षात अनेकांचा हप्ता न बदलता मुदत वाढत गेली आणि हप्ता स्थिर असल्यामुळे घरात कोणाला त्याची जाणीवही झाली नाही.

या पार्श्वभूमीवर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी निर्देश काढले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्हींचा मेळ घालायचा, हा पर्याय कर्जदाराला मिळावा, असे त्यात सांगितले आहे. स्थिर दराकडे वळण्याचा पर्याय आणि मुदतीत केव्हाही अंशतः वा पूर्ण परतफेडीची मुभा याही बाबी त्यात आहेत. वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, शिल्लक हप्त्यांची संख्या आणि वार्षिक दर दाखविणारे विवरण दर तिमाहीस द्यावयाचे आहे. त्यातील 'शिल्लक हप्ते' हा रकाना सर्वांत आधी पाहावा.

पुढे २०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्याने सव्वा टक्क्याने उतरून डिसेंबरमध्ये ५.२५ टक्के झाला. दर उतरतो तेव्हा हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो. जुना हप्ता झेपत असेल तर तो तसाच चालू ठेवून मुदत कमी करून घेणे अधिक लाभाचे.

दरपत्रकात न दिसणारे खर्च

व्याजाखेरीज प्रक्रिया शुल्क व त्यावरील वस्तू आणि सेवा कर, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणखतावरील मुद्रांक शुल्क असे खर्च असतात. मालमत्तेच्या किमतीच्या प्रमाणात बँक कर्ज देते. ३० लाखांपर्यंतच्या कर्जात ही मर्यादा कमाल ९० टक्के आहे. उरलेली रक्कम आणि हे खर्च बहुधा स्वतःच्या खिशातून करावे लागतात.

बांधकामासाठीचे कर्ज टप्प्याटप्प्याने मिळते. पूर्ण रक्कम उचलेपर्यंत पुष्कळदा केवळ व्याज आकारले जाते आणि मुद्दल घटत नाही. वर्षभर सरासरी १० लाख रुपये उचललेले असतील, तर ८५ हजार रुपये असेच जातात. पावसाळ्यात बांधकाम रखडले की ही रक्कम आणखी वाढते.

कर्जासोबत जीवन विम्याचा एकरकमी हप्ता सुचविला जातो आणि तो कर्जातच मिळविला जातो. ६० हजारांचा असा हप्ता वीस वर्षांत सव्वा लाखाला पडतो. कुटुंबासाठी विमा आवश्यकच आहे, परंतु कर्जासाठी तो घेणे कायद्याने बंधनकारक नाही. वेगळा मुदत विमा घेऊन तुलना करता येते.

हे सर्व खर्च एकत्र पाहण्याची सोय आता झाली आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्जांसाठी 'मुख्य तथ्य विवरण' देणे बंधनकारक आहे. त्यात शुल्कांसह वार्षिक एकूण दर दिलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतील दरावर न करता या आकड्यावर करावी.

लवकर भरलेला लाख

व्याजाचा भार सुरुवातीला अधिक असल्यामुळे त्याच काळात भरलेली जादा रक्कम सर्वांत गुणकारी ठरते. आपल्या उदाहरणातील शिक्षकाने पहिल्या वर्षाच्या अखेरीस एक लाख रुपये जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत २६ महिन्यांनी घटते आणि सुमारे साडेतीन लाखांचे व्याज वाचते. तेच एक लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले, तर बचत ५० हजारांच्याही आत राहते. दरवर्षी एक हप्ता जादा भरल्यास वीस वर्षांचे कर्ज १६ वर्षे ९ महिन्यांत फिटते आणि सुमारे ४ लाख १० हजार रुपये वाचतात.

सडक अर्जुनीसारख्या भागात अनेक नोकरदारांच्या घरी थोडीफार धानाची शेती असते. धानाचे चुकारे वर्षातून एकदा एकरकमी हाती येतात. त्यातील काही भाग कर्जात भरण्यास ही वेळ योग्य. शहरातील वाचकाला हेच दिवाळीच्या बोनसच्या बाबतीत करता येईल. व्यक्तींनी घेतलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचे शुल्क बँकांना २०१२ पासून आकारता येत नाही. रक्कम भरताना 'हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी' असे लेखी द्यावे. मात्र आजारपण आणि मुलांचे शिक्षण यांसाठीची गंगाजळी रिकामी करून कर्ज फेडू नये. अडचणीच्या वेळी घ्यावे लागणारे वैयक्तिक कर्ज गृहकर्जाहून बरेच महाग असते.

दुसरी बाजू

व्याजाचा एकूण आकडा पाहून कर्ज घेऊच नये, असा निष्कर्ष काढणे योग्य नाही. वीस वर्षांनंतरच्या रुपयाची किंमत आजच्याएवढी नसते. महागाई दरवर्षी ४ टक्के धरली, तर ४१ लाख ६५ हजारांचे आजचे मोल सुमारे २८ लाख ६० हजार भरते. भाडे वाचते आणि पगार वाढत जातो तसा हप्ता हलका वाटू लागतो. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या करप्रणालीत ती नाही, म्हणून 'कर वाचतो' या एकाच कारणासाठी कर्ज लांबविणे आता अधिकच चुकीचे ठरेल.

सडक अर्जुनी येथे नगरपंचायत असल्याने तेथील पात्र कुटुंबांना प्रधानमंत्री आवास योजनेच्या (शहरी) सप्टेंबर २०२४ पासूनच्या दुसऱ्या टप्प्यातील व्याज अनुदानाचाही विचार करता येईल. वार्षिक उत्पन्न ९ लाखांपर्यंत, घराची किंमत ३५ लाखांपर्यंत, कर्ज २५ लाखांपर्यंत आणि देशात कोठेही स्वतःचे पक्के घर नसणे या प्रमुख अटी असून, कमाल १ लाख ८० हजार रुपयांचे अनुदान पाच वार्षिक हप्त्यांत दिले जाते.

कर्ज फिटल्यावर

शेवटचा हप्ता भरला म्हणजे काम संपले असे नाही. 'येणे बाकी नाही' असा दाखला घ्यावा, मूळ कागदपत्रे यादीप्रमाणे तपासून ताब्यात घ्यावीत आणि मालमत्तेच्या नोंदींवरील बोजा कमी करून घ्यावा. १ डिसेंबर २०२३ पासूनच्या नियमानुसार पूर्ण परतफेडीनंतर ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत करणे बंधनकारक आहे. बँकेमुळे विलंब झाल्यास दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते.

तोवर वर्षातून एकदा, पगारवाढ झाली की किंवा चुकारे हाती आले की, कर्जाचे विवरण काढून किती हप्ते उरले आहेत ते मोजावे आणि तो आकडा निवृत्तीला उरलेल्या महिन्यांशी ताडून पाहावा. हप्ते जास्त आणि महिने कमी असे दिसले, तर बँकेत जाऊन हप्ता वाढवून घेण्याची वेळ तीच होय.