कोयोलशाउकी : लघुपट ‘साधन’ म्हणून कसा वाचायचा?

‘अ‍ॅझ्टेक चंद्रदेवता कोयोलशाउकी’ असं मी मसुद्यात बिनधास्त लिहिलं. गाइडनी समासात एवढंच विचारलं, ‘आधार कुठाय?’

हे वर्णन मी उचललं होतं एका लघुपटाच्या परिचयातून. मेक्सिकोतल्या ‘कोलेक्तिवो लोस इंग्राविदोस’ या गटाने २०१७ मध्ये ‘कोयोलशाउकी’ हा प्रायोगिक लघुपट केला, १६ मिमी फिल्मवर. देवीच्या शरीराचे तुकडे होण्याची कथा तो आजच्या मेक्सिकोतल्या स्त्रीहत्यांशी जोडतो.

मग मी मूळ कथेकडे गेले. सोळाव्या शतकात सहागून या धर्मगुरूंनी नाहुआ सहकाऱ्यांच्या मदतीने ती नाहुआत्ल भाषेत नोंदवून घेतली. कोआत्लिक्वे झाडलोट करताना पिसांच्या गोळ्यामुळे गरोदर राहते. मुलगी कोयोलशाउकी चिडते, चारशे भावांना घेऊन आईला मारायला निघते. तेवढ्यात वित्सिलोपोच्त्ली सशस्त्र जन्मतो, बहिणीचं डोकं उडवतो. तिचं धड डोंगरावरून गडगडत खाली येतं. या कथेत चंद्र कुठेच नाही! सूर्याने चंद्राला हरवलं, हा अर्थ एडुआर्ड झेलर या जर्मन अभ्यासकाने नंतर लावला. तो चूक असेलच असं नाही. पण तो अन्वयार्थ आहे, पुरावा नाही.

दुसरं साधन दगडाचं. २१ फेब्रुवारी १९७८ रोजी मेक्सिको सिटीत वीज कंपनीचे कामगार खोदत असताना सुमारे सव्वातीन मीटर व्यासाची शिळा सापडली. तिच्यावर हातपाय तुटलेली देवी, गालावर घंटा. ही शिळा होती टेम्प्लो मायोर मंदिरात, वित्सिलोपोच्त्लीच्या बाजूच्या पायऱ्यांच्या तळाशी. म्हणजे मंदिर हाच तो डोंगर, आणि पायथ्याशी हरलेली बहीण. जेत्याची सत्ता रोज डोळ्यांसमोर ठेवणारी ही रचना.

मग लघुपट निरुपयोगी का? मुळीच नाही. पंधराव्या शतकासाठी तो पुरावा नाही. २०१७ च्या मेक्सिकोसाठी मात्र अस्सल साधन आहे. शिवाय ही कथा जिंकणाऱ्याच्या बाजूने सांगितली आहे, हे माझ्या लक्षात आलं ते तो पाहिल्यावरच. प्रश्न लघुपटाने दिला, उत्तर शिळेत आणि ग्रंथात शोधावं लागलं.

तेव्हा कुठलंही साधन हाती आलं की आधी विचारा : हे कुणी, कधी, कुणासाठी केलं? आणि हे नेमकं कोणत्या काळाबद्दल बोलतंय?

मसुद्यातला ‘चंद्रदेवता’ शब्द मी खोडला. त्या जागी आता अख्खा परिच्छेद आहे.