लाँफाँचा नकाशा

वॉशिंग्टन शहराचा नकाशा वर्गात भिंतीवर लावून पाहा. उत्तर-दक्षिण आणि पूर्व-पश्चिम रस्त्यांचे काटकोनी जाळे, आणि त्याला छेदणारे रुंद तिरके मार्ग. हे तिरके मार्ग कशासाठी, असे मुले विचारतीलच.

ही आखणी पिएर शार्ल लाँफाँ या फ्रेंच वास्तुकाराची. जन्म पॅरिसचा, १७५४ चा, शिक्षण चित्रकलेचे. १७७७ मध्ये तो अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात उतरला, सैन्यात अभियंता झाला, सव्हानाच्या लढाईत जखमी झाला. पुढे 'पीटर' हे नाव घेऊन तो तिथलाच झाला. १७८९ मध्ये जॉर्ज वॉशिंग्टन यांनी अध्यक्षपदाची शपथ घेतली ती त्यानेच नवे रूप दिलेल्या न्यूयॉर्कच्या फेडरल हॉलमध्ये.

१७९१ मध्ये नव्या राजधानीचे काम त्याच्याकडे आले. जेफरसन यांच्या मनात साधी चौकटी आखणी होती. लाँफाँने मात्र आधी जमीन पाहिली. उंचवटे निवडले, टेकडीवर संसद ठेवली आणि अशी ठिकाणे थेट जोडणारे, १६० फुटांपर्यंत रुंद मार्ग काढले. तिरके मार्ग आले ते असे.

पण बांधकामाचा पैसा भूखंड विकून उभा राहायचा होता. सट्टेबाज मोक्याच्या जागा बळकावतील या भीतीने लाँफाँने ऑक्टोबरमधल्या लिलावात नकाशाच दाखवला नाही. माझ्या मते ही चूकच. काय विकत घेतो आहोत हे गिऱ्हाइकाला कळायला नको का? भीती मात्र खोटी नव्हती. १७९३ मध्ये तिघा सट्टेबाजांनी सुमारे ६००० भूखंड घेतले आणि पुढे तिघांचेही दिवाळे वाजले. त्यांतल्या एकाचा फिलाडेल्फियातला वाडा लाँफाँच बांधत होता. तोही अपुराच राहिला!

तोवर लाँफाँ राजधानीच्या कामावर नव्हता. रस्त्याच्या रेषेत येणारे एका वजनदार जमीनदाराचे घर त्याने पाडून टाकले होते. फेब्रुवारी १७९२ मध्ये त्याला काढण्यात आले. अँड्र्यू एलिकॉटने थोडे फेरफार करून नकाशा पुरा केला. त्यावरची टीप विज्ञानशिक्षकांनी जरूर सांगावी: होकायंत्रावर न विसंबता, आकाशस्थ ज्योतींच्या वेधांवरून संसदेच्या जागेतून खरी उत्तर-दक्षिण रेषा आखली आणि तिच्या आधारे सगळे मोजले. चुंबकीय उत्तर म्हणजे भौगोलिक उत्तर नव्हे, हे शिकवायला याहून चांगले उदाहरण कुठले?

मेहनतान्यापोटी देऊ केलेले २५०० डॉलर आणि एक भूखंड लाँफाँने नाकारले. १८२५ मध्ये तो मेरीलँडमधल्या एका स्नेह्याच्या मळ्यावर कफल्लक अवस्थेत वारला. १९०१-०२ मध्ये शहराची मांडणी सुधारताना पुन्हा त्याचाच नकाशा पुढे घेतला गेला. १९०९ मध्ये त्याच्या अस्थी आर्लिंग्टनच्या टेकडीवर नेल्या. तिथून शहर दिसते, आणि समाधीच्या दगडावर त्याचा नकाशा कोरला आहे.