नावात काय असतं? अरुण खोपकरांच्या माहितीपटांची गोष्ट

मिरजेतून बोलतोय. आज इतिहासाचा एपिसोड आहे, पण सुरुवात माझ्या फजितीपासून.

मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला 2024 मध्ये जीआय मानांकन मिळालं. म्हटलं, आपणही काहीतरी करू. सतारमेकर गल्लीतल्या एका चाचांवर मोबाइलवर छोटा माहितीपट केला. भोपळा, हातांचे क्लोजअप, मध्ये मुलाखत. चाचांनी शांतपणे पाहिला आणि म्हणाले, "चांगलाय रे. पण मी काय करतो तेवढंच दिसलं. मी काय ऐकतो, ते कुठंय?"

मी गप्प. खरंच होतं ते. तंबोऱ्याची जवारी कानानं काढतात. घोडीचा माथा कणभर घासायचा, तार छेडायची, ऐकायचं, पुन्हा घासायचं. माझ्या कॅमेऱ्यात फक्त घासणं आलं होतं. आणि चाचांना आता एका कानानं कमी ऐकू येतं.

ज्या कलेचा गाभा डोळ्यांना दिसतच नाही, ती पडद्यावर आणायची कशी? हा प्रश्न आयुष्यभर धरून बसलेला एक मराठी माणूस आहे: अरुण खोपकर.

मणी कौल यांच्या 'आषाढ का एक दिन' या 1971 च्या सिनेमात कालिदास झाले होते, ते हेच. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले. गुरुदत्तवरच्या त्यांच्या 'गुरुदत्त : तीन अंकी शोकांतिका' या पुस्तकाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि 'चलत्-चित्रव्यूह'ला 2015 चा साहित्य अकादमी. म्हणजे माणूस लेखकही तितकाच मोठा.

पण आज बोलायचंय त्यांच्या माहितीपटांबद्दल. एक गंमत करा, नुसती नावं वाचा. भूपेन खख्खर, नलिनी मलानी आणि विवान सुंदरम या तीन चित्रकारांवरचा 'फिगर्स ऑफ थॉट'. लीला सॅमसन यांच्या भरतनाट्यमवरचा 'संचारी'. जहांगीर सबावाला यांच्यावरचा 'कलर्स ऑफ अ‍ॅब्सेन्स', म्हणजे नसण्याचे रंग. वास्तुविशारद चार्ल्स कोरिया यांच्यावरचा 'व्हॉल्यूम झीरो', म्हणजे शून्य आकारमान.

लक्षात आलं का? नाव आधी माणसाचं येत नाही, त्याच्या कलेतल्या कोड्याचं येतं. संचारी म्हणजे अभिनयात येऊन जाणारा, क्षणभर टिकणारा भाव. तो पकडायचा कसा? इमारतीवरचा सिनेमा, आणि नावात भिंत नाही, शून्य आहे! कोरियांचं कामही तसंच होतं. उघड्या आभाळाखालची मोकळी जागा त्यांना खोलीइतकीच महत्त्वाची वाटायची. मी यातून एवढं शिकलो: कलावंताची माहिती गोळा करणं ही पहिली पायरी. त्याच्या कलेचं व्याकरण सिनेमाच्या भाषेत शोधणं, हे खरं काम.

मग एक सिनेमा या रांगेत बसत नाही. त्याच्या नावात कोडं नाही, रूपक नाही. आहे एका माणसाचं सरळ, पूर्ण नाव: 'नारायण गंगाराम सुर्वे'.

असं का? कारण इथं ते नावच कोडं आहे. मुंबईत टाकून दिलेलं एक तान्हं बाळ गंगाराम सुर्वे नावाच्या गिरणी कामगाराला सापडलं. त्यानं आणि काशीबाईंनी ते वाढवलं, त्याला स्वतःचं नाव दिलं. ते पोर गिरणीत राबलं, शाळेत शिपाई झालं, मग शिक्षक. 1962 साली 'ऐसा गा मी ब्रह्म' आला आणि मराठी कवितेत कामगार स्वतःच्या तोंडानं बोलू लागला. मधलं 'गंगाराम' हे रक्तातून आलेलं नाही, एका गरीब माणसाच्या मायेतून आलंय. या माणसावरच्या सिनेमाला दुसरं कुठलं नाव देणार?

सिनेमात सुर्व्यांच्या भूमिकेत किशोर कदम आहेत, म्हणजे 'सौमित्र'. कवीची भूमिका कवीनंच केली. चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. नियम मोडला तोही विषयासाठी, प्रयोग दाखवायला नाही. 'प्रयोगशील' या शब्दाचा अर्थ मला तिथं कळला. चमकदार शॉट म्हणजे प्रयोग नव्हे. प्रत्येक विषयासमोर नव्यानं अडाणी होऊन बसणं, हा प्रयोग.

परवा चाचांकडे पुन्हा गेलो. या वेळी आधी माइक लावला. कानस थांबते, चाचा मान जरा तिरकी करतात आणि तारेकडे कान देतात, तिथून शूट सुरू केलं. हात फ्रेमबाहेर, फक्त चेहरा. बाकी सगळं आवाजात.

नाव ठरलंय: 'जवारी'. चाचांना दाखवायचंय लवकरच, दुसरा कान शाबूत आहे तोवर.

भेटू पुढच्या एपिसोडला. तोवर ऐकत राहा.