देव नदीपार गेले, पोथ्यांचे काय झाले?

कुठ्ठाळीचा श्रीमंगेश प्रियोळास आला, केळशीची श्रीशांतादुर्गा कवळ्यास आली, वेर्ण्याची श्रीम्हाळसा म्हार्दोळास आणि लोटलीचा श्रीरामनाथ बांदोड्याच्या परिसरात स्थिरावला. मडगावचा श्रीदामोदर जांबावलीस गेला, रायची श्रीकामाक्षी शिरोड्यास गेली. या स्थलांतराच्या हकिकती गोमंतकीय कुटुंबांत आजही पिढी दर पिढी सांगितल्या जातात. बेळगाव, बडोदे, इंदूर, हैदराबाद अशा दूरच्या गावी स्थायिक झालेल्या घराण्यांनाही आपली कुलदेवता मूळ कोणत्या गावची व आज कोठे आहे, हे तोंडपाठ असते. परंतु ज्या देवळांतून देव उचलले गेले, त्याच देवळांच्या सभामंडपांत पुराणे सांगितली जात होती, कीर्तने होत होती. त्या गावांतील ब्राह्मणांच्या व कुळकर्ण्यांच्या घरी पोथ्या होत्या. देव नदीपार गेले. पोथ्या कोठे गेल्या, हा प्रश्न मात्र आपण फारसा विचारीत नाही.

घडामोडींचा क्रम वाचकांस ठाऊक आहे. १५१० साली आल्फोन्सो दे आल्बुकेर्क याने आदिलशहाकडून तिसवाडी घेतली. १५४० च्या सुमारास तिसवाडीतील देवळे पाडली गेली व त्यांच्या जमिनी चर्चच्या संस्थांकडे वळविण्यात आल्या. १५४३ साली साष्टी व बारदेश हे दोन प्रांत पोर्तुगीजांच्या ताब्यात गेले. १५६० साली गोव्यात इन्क्विझिशन बसले. १५६७ साली साष्टीतील देवळांचा विध्वंस झाला. अंत्रुज, म्हणजे फोंडा महाल, त्या वेळी पोर्तुगीजांच्या हाती नव्हता, तो १७६३ साली त्यांच्याकडे गेला. मधल्या दोनशे वर्षांत तेथील डोंगरांच्या कुशीत देवांस आसरा मिळाला.

पोथ्यांसंबंधीची पहिली साक्ष एका पोर्तुगीजाचीच आहे. जुआकिं एलिओदोरु द कुन्य रिव्हार हा गृहस्थ १८५५ साली गोवा सरकारचा मुख्य सचिव म्हणून आला. कोंकणी भाषेच्या इतिहासावरील आपला निबंध त्याने १८५८ साली सरकारी छापखान्यात छापला. विजयाच्या पहिल्या उन्मादात देवळांबरोबर देशी भाषेतील ग्रंथही मूर्तिपूजेचे साधन म्हणून जाळले गेले, असे त्याने स्वच्छ लिहिले आहे. सरकारी पदावर राहून आपल्याच पूर्वजांच्या कृत्याची अशी नोंद करणे सोपे नव्हते, आणि गोमंतकाने या माणसाचे ऋण मान्य केले पाहिजे. जे जळले त्यांची यादी कोणी केली नाही. यादी करण्यासारखे ते आहे, असे जाळणाऱ्यास वाटलेच नसणार.

सर्वच पोथ्या जळाल्या असे मात्र नाही; काही पळविल्या गेल्या. १५५९ च्या सुमारास जेझुइट पाद्रींनी नवख्रिस्ती लोकांच्या मदतीने हिंदूंच्या घरांतून पुराणांच्या पोथ्या हस्तगत केल्या व सेंट पॉल कॉलेजात आणविल्या. तेथे त्यांतील मजकुराचे भाषांतर करण्यात आले. हेतू उघड होता: ज्यांचे खंडन करावयाचे ते आधी वाचले पाहिजे. ज्या हातांनी एक पोथी अग्नीत घातली त्याच हातांनी दुसरी पोथी मेजावर उघडून ठेवली, हे ध्यानात ठेवावे. पुढील सगळी कथा या दुसऱ्या पोथीची आहे.

त्याच कॉलेजात त्या वेळी मुद्रणयंत्र होते. ते गोव्यास येणार नव्हते. हबसाणात, म्हणजे इथिओपियात, जाणाऱ्या धर्मप्रचारकांबरोबर ते पाठविलेले होते. परंतु तेथील राजाची वृत्ती अनुकूल नसल्याने वाटेत १५५६ च्या सप्टेंबरात गोव्यास उतरलेले यंत्र गोव्यातच राहिले आणि हिंदुस्थानातील पहिले पुस्तक येथे छापले गेले. १५६३ साली गार्सिया द ऑर्ता या वैद्याचा हिंदी वनौषधींवरील संवादग्रंथ गोव्यात छापून निघाला. ऑर्ता वंशाने यहुदी होता व गुप्तपणे तो धर्म पाळीत होता असा आरोप त्याच्या मृत्यूनंतर ठेवण्यात आला. १५८० साली इन्क्विझिशनने त्याच्या अस्थी उकरून जाळल्या. हा प्रसंग सांगण्याचे कारण असे की, त्या काळची आग केवळ हिंदूंसाठी पेटली होती, हा समज अपुरा आहे. शार्ल देलाँ हा फ्रेंच वैद्य या न्यायासनाच्या तुरुंगातून सुटून मायदेशी गेला व १६८७ साली त्याने आपली हकिकत प्रसिद्ध केली, तेव्हा गोव्याच्या इन्क्विझिशनचे नाव साऱ्या युरोपात पोहोचले. अ. का. प्रियोळकरांनी १९६१ साली आपल्या इंग्रजी ग्रंथातून ती हकिकत पुन्हा वाचकांपुढे ठेवली.

आता ज्या ग्रंथाविषयी थोडे विस्ताराने लिहावयाचे आहे, त्याकडे वळतो. फादर थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट १५७९ च्या ऑक्टोबरात गोव्यास आला. राणी एलिझाबेथच्या राज्यात कॅथलिक पंथ पाळणे धोक्याचे झाले होते, म्हणून हा तरुण स्वदेश सोडून रोमला गेला व तेथे जेझुइट झाला. म्हणजे स्वतःच्या देशातील धर्मक्रांतीने ज्याला बेघर केले, तो मनुष्य दुसऱ्या देशातील धर्मक्रांतीचा कार्यकर्ता म्हणून साष्टीत उतरला. आपल्या गावची देवळे पडलेली पाहणाऱ्या केळशी-कुठ्ठाळीच्या माणसाचे दुःख याला कळावयास हरकत नव्हती. कळले होते की नाही, याचे उत्तर त्याच्या ग्रंथात शोधू गेल्यास संमिश्र मिळते. १५८३ च्या जुलैत कुंकळ्ळीच्या गावकऱ्यांनी पाच जेझुइटांना ठार केले, आणि पुढे गावच्या प्रमुखांना बोलावून नेऊन त्यांचा घात करण्यात आला. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात स्टीफन्सने आपल्या भावास पत्र लिहिले. त्यात येथील भाषांची रचना लॅटिन व ग्रीक यांच्याशी जुळते, असे त्याने नमूद केले आहे. रक्तपाताच्या त्या वर्षी हा माणूस व्याकरणाकडेही पाहत होता!

त्याचे पुराण, ज्याला आपण ‘ख्रिस्तपुराण’ म्हणतो, १६१६ साली राशोल येथे छापले गेले. पुन्हा १६४९ व १६५४ साली त्याच्या आवृत्त्या निघाल्या. पहिल्या पुराणात ३६ अवस्वर व ४१८१ ओव्या, दुसऱ्यात ५९ अवस्वर व ६७८१ ओव्या. एकंदर १०,९६२ ओव्यांचा हा विस्तार. ग्रंथाचे निमित्त आरंभीच सांगितले आहे, आणि प्रस्तुत लेखकास तोच त्यातील सर्वांत मोलाचा भाग वाटतो. साष्टीतील एका चर्चमध्ये मुलांना धर्मशिक्षण देणे चालले असता एक ब्राह्मण पाद्रीस विनवितो की, आमची पूर्वीची पुराणे तुम्ही बंद केलीत, तर त्या जागी दुसरे काही आम्हांस का देत नाही? या एका प्रश्नात त्या काळच्या सांस्कृतिक उलथापालथीचे सारे मर्म आले आहे. देऊळ गेले, देव गेला, आडनाव बदलले, पोशाख बदलला. परंतु संध्याकाळी बसून ओवीबद्ध कथा ऐकण्याची सवय गेली नाही. धर्म बदलल्यानंतरही माणूस पुराणिकाला शोधीत होता. पाद्रीने ती मागणी नाकारली नाही; त्याने आदामापासून येशूपर्यंतची कथा ओवीत बांधली, स्वर्गास वैकुंठ म्हटले, आणि वाटेत मराठी भाषेची अशी स्तुती केली की, आजही शाळेत तिचा दाखला देतात.

हा गौरव मनापासून होता, याविषयी शंका नाही. परंतु ज्या ओवीत तो झाला ती ओवी त्याला कोणाकडून मिळाली? ज्ञानेश्वर-एकनाथांची जी परंपरा गावोगावच्या देवळांत जिवंत होती, तिच्याकडूनच. ती देवळे पाडल्यानंतर तिचा छंद शिल्लक राहिला व नव्या देवाच्या सेवेस लागला. याचा राग मानावा की अभिमान, हे ज्याचे त्याने ठरवावे. राग मानणाऱ्याने इतके जरूर पाहावे की, छंदाला शत्रू-मित्र नसतो. आणि अभिमान मानणाऱ्याने तो ज्या मोबदल्यात मिळाला त्याचा विसर पडू देऊ नये.

एक तांत्रिक अडचण येथे सांगण्याजोगी आहे. गोव्यात देवनागरीचे खिळे नव्हते, म्हणून मराठी ओव्या रोमन अक्षरांत छापाव्या लागल्या. १६०८ साली स्टीफन्सने आपल्या वरिष्ठांस पत्र लिहून देशी लिपीचे खिळे पाडण्याची परवानगी मागितली होती. ते कार्य झाले नाही. १६१९ साली तो वारला. त्याची कोंकणी ‘दौत्रिन क्रिस्तां’ १६२२ साली व कोंकणीचे व्याकरण १६४० साली राशोलला छापले गेले. हिंदी भाषेचे छापून निघालेले पहिले व्याकरण ते हेच, आणि ते कोंकणीचे आहे. एकाच माणसाने मराठीत पुराण रचावे व कोंकणीचे व्याकरण बांधावे, यात त्याला काही विसंगती वाटली नाही. आपल्या काळात या दोन भाषांवरून जे कटुतेचे वाद झाले, ते वाचून तो बहुधा चकित झाला असता.

स्टीफन्सच्या मागोमाग एत्येन द ला क्रुवा या फ्रेंच जेझुइटाने सेंट पीटरवरील पुराण १६२९ साली प्रसिद्ध केले. स्टीफन्सचा सूर सौम्य होता, याचा नव्हे. यात हिंदू पुराणांचे खंडन पानोपानी आहे. खंडनासाठी का होईना, पण लेखकाने आपले ग्रंथ बारकाईने वाचले होते. पळविलेल्या पोथ्यांची ती फलश्रुती होय.

पुढे वारा फिरला. १६८४ च्या जून महिन्यात व्हाइसरॉय कोंद द आल्व्होर याने हुकूम काढला की, लोकांनी तीन वर्षांच्या आत देशी भाषा सोडून पोर्तुगीज भाषा बोलावी. ज्या भाषेत पाद्रींनी पुराणे रचली ती भाषाच आता संशयास्पद ठरली. ख्रिस्तपुराणाच्या तिन्ही आवृत्त्यांची एकही प्रत आज उपलब्ध नाही. जाळणाऱ्यांच्या हाती पोथी पडली, तर निदान धूर निघतो. वाचकच नाहीसा केला, तर धूरही निघत नाही! ग्रंथ वाचला तो हस्तलिखितांमुळे, आणि गोव्याबाहेर. १९०७ साली मंगळूरला जोसेफ साल्ढाना यांनी तेथील हस्तलिखितांवरून तो छापला, तोही रोमन लिपीतच. लंडनला मार्सडेन नावाच्या विद्वानाच्या संग्रहात त्याची देवनागरी प्रत निघाली, आणि छापील देवनागरी रूप मिळण्यास १९५६ साल उजाडावे लागले. ते काम पुण्यास शांताराम बंडेलू यांनी केले. स्टीफन्सने मागितलेले खिळे त्याला ३४८ वर्षांनी मिळाले, असे म्हणण्यास हरकत नाही.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. पळविलेल्या पोथ्यांचे पुढे काय झाले? पोर्तुगालच्या उत्तरेस ब्रागा नावाचे जुने शहर आहे. तेथील सार्वजनिक ग्रंथालयात रोमन लिपीत लिहिलेली काही हस्तलिखिते आहेत. त्यांत काय आहे ते मारियान साल्ढाना या गोमंतकीय विद्वानाने विसाव्या शतकाच्या मध्यास उजेडात आणले. त्यांत रामायण-महाभारतातील कथा कोंकणी गद्यात आहेत, आणि मराठी ओवीबद्ध काव्यही आहे. त्या काव्यांत एक कृष्णदास शामा याची ‘श्रीकृष्णचरित्रकथा’ होय. भागवताच्या दशमस्कंधाच्या आधारे एकोणीस अध्यायांत व तीन हजारांहून अधिक ओव्यांत रचलेली ही कथा. आरंभाचा काळ शके १४४८ चा वैशाख, म्हणजे १५२६ चा एप्रिल. साष्टी पोर्तुगीजांकडे जाण्यास तेव्हा सतरा वर्षे अवकाश होता. कवी केळशीचा. जी श्रीशांतादुर्गा आज कवळ्यास आहे, तिच्या मूळ गावचा.

म्हणजे केळशीची देवी भक्तांनी नदीपार नेली म्हणून वाचली, आणि केळशीच्या कवीची कृष्णकथा परधर्मीयांनी आपल्या लिपीत उतरवून समुद्रापार नेली म्हणून वाचली. देवळात कीर्तनकाराने गायिलेली ओवी कोणी तरी जेझुइट लेखनिकाने कान देऊन अक्षर अक्षर रोमनमध्ये उतरविली असेल. ‘ळ’ आणि ‘ण’ यांसाठी अक्षर कोठून आणावे, याचा विचार करीत तो थबकलाही असेल. कृष्णाची निंदा करण्यासाठी लागणारे साधन म्हणून त्याने ती उतरविली. आणि त्याच कागदावर बाळकृष्ण चारशे वर्षे सुखरूप राहिला.

मराठी ओवी आणि कोंकणी गद्य ब्रागाच्या एकाच संग्रहात शेजारी शेजारी पडून आहेत. साष्टीतल्या एखाद्या घरातही ती तशीच एका फडताळात असतील: सणावारी मोठ्याने वाचावयाची ओवी, आणि मुलांना सांगावयाची कथा.