सेंट्रल लॉग सर्व्हर म्हणजे काय? सर्व्हर बंद पडण्याआधीची तयारी

पैसे कापले गेले पण स्क्रीनवर 'फेल्ड' आलं, असं तुमच्यासोबत कधीतरी झालंच असेल. त्या एका पेमेंटमागे अनेक सर्व्हर काम करत असतात. नेमकं कुठे अडलं, हे शोधायला कामी येतात ते लॉग.

लॉग म्हणजे काय?
सर्व्हरची रोजनिशी. कोण लॉगिन झालं, कोणती रिक्वेस्ट आली, कुठला एरर आला, हे सगळं वेळेसह ओळीओळीने लिहिलं जातं.

एकत्र का करायचे?
2020च्या लॉकडाउनमध्ये मी रनाळ्याला घरून काम करत होतो. एका रात्री आमच्या एका सर्व्हरची डिस्क गेली. बॅकअपमधून आदल्या दिवसापर्यंतचा डेटा परत आला, पण मधल्या तासांत काय घडलं ते कळेना, कारण लॉगही त्याच डिस्कवर! शेवटी ग्राहकांना एकेक फोन करून ऑर्डर विचाराव्या लागल्या.

आपल्याकडे पाऊस मंडळनिहाय मोजतात आणि आकडे तालुक्याच्या तक्त्यात एकत्र येतात. उद्या एखादं पर्जन्यमापक बिघडलं, तरी आजवरची नोंद वर पोचलेली असते. सेंट्रल लॉगिंगचं तत्त्व हेच. शिवाय हॅकरने सर्व्हरवरचे लॉग पुसले, तरी दुसरीकडची प्रत शाबूत राहते.

हे चालतं कसं?
1980च्या दशकात एरिक ऑलमन यांनी 'सेंडमेल'साठी सिसलॉग बनवलं. लिनक्सवर आज आर-सिसलॉग हा प्रोग्राम बराच वापरला जातो. प्रत्येक नोंदीला 0 (आणीबाणी) ते 7 (डीबग) अशी पातळी असते. यूडीपीने (पोर्ट 514) नोंद पाठवली, तर ती पोचली की नाही हे कळत नाही. टीसीपी त्यापेक्षा भरवशाचं. टीएलएस (पोर्ट 6514) वापरलं, तर नोंद वाटेत कुणाला वाचता येत नाही.

उद्याचा भरवसा नाही, मग प्लॅन कसा करायचा?

1. जागा: 10 सर्व्हर, प्रत्येकी रोज 200 एमबी, म्हणजे रोज 2 जीबी. 180 दिवसांचे 360 जीबी. दिवाळी सेलसाठी जास्तीची जागा धरा. सर्ट-इनच्या एप्रिल 2022च्या निर्देशांनुसार कंपन्यांना 180 दिवसांचे लॉग ठेवावेच लागतात.
2. रांग: नेट गेलं तर नोंदी सर्व्हरच्या डिस्कवर थांबतील आणि लाइन आली की पुढे जातील, अशी 'डिस्क क्यू' चालू ठेवा.
3. घड्याळ: एनटीपीने सगळ्या सर्व्हरची वेळ जुळवा. नाहीतर आधी काय झालं आणि नंतर काय, याचा गोंधळ होतो.
4. गुपितं: पासवर्ड, ओटीपी लॉगमध्ये कधीच लिहू नका.

सेटअप झाला की सेंट्रल सर्व्हर दहा मिनिटं मुद्दाम बंद करून पाहा. परत चालू केल्यावर त्या दहा मिनिटांच्या नोंदी आल्या, तरच तयारी पूर्ण झाली असं समजा.