मांजर रानातून की कणगीजवळून?

१/ २०१२ साली ‘माइनक्राफ्ट’मध्ये मांजर आले ते जंगलातून. ओसेलॉट या रानटी प्राण्याला कच्चा मासा दिला की त्याचेच पाळीव मांजर होई.

२/ इतिहास निराळा आहे. पश्चिम आशियातील आद्य शेतकऱ्यांच्या धान्याला उंदीर लागले आणि उंदरांमागे रानमांजर आपणहून वस्तीत आले. सायप्रसमध्ये माणसाशेजारी पुरलेले मांजर सुमारे ९,५०० वर्षांपूर्वीचे आहे.

३/ पूर्णा तालुक्यातील चुडाव्यासारख्या ज्वारीच्या मुलखात हे समजावून सांगावे लागत नाही. कणगी तेथे उंदीर, उंदीर तेथे मांजर.

४/ २०१९ मध्ये खेळानेही हेच मान्य केले. ओसेलॉट रानातच राहिला, मांजरे गावात वावरू लागली. मासा धरून स्तब्ध राहावे. जवळ येणे मांजराच्या मर्जीवर!