कोंगचे डोंगर : नकाशे चाळीस, पुरावा एकच



पेटची तयारी करणाऱ्या एकीनं मागच्या आठवड्यात विचारलं, "एखादी माहिती चार-पाच पुस्तकांत सारखीच दिली असेल, तर ती पक्की धरायची ना?" मी 'हो' म्हणणारच होतो, पण थांबलो. कारण माझ्या स्वतःच्या संशोधन आराखड्यात मी याच ठिकाणी आपटलो होतो. ते शेवटी सांगतो. आधी पश्चिम आफ्रिकेतल्या एका डोंगररांगेची गोष्ट ऐका.

या रांगेचं नाव 'कोंगचे डोंगर'. १९व्या शतकातले युरोपात छापलेले आफ्रिकेचे नकाशे काढून बघा. साधारण १० अंश उत्तर अक्षांशाला धरून पूर्व-पश्चिम पसरलेली एक लांबलचक रांग त्यांतल्या अनेकांवर ठळक दिसते. आजच्या नकाशात ती शोधू नका. सापडणार नाही. कारण ती तिथे कधी नव्हतीच.

मग ती आली कुठून?

स्कॉटलंडचा मंगो पार्क हा प्रवासी नायजर नदीच्या शोधात आफ्रिकेत गेला. जुलै १७९६ मध्ये सेगू या गावी त्यानं ही नदी पाहिली आणि ती पूर्वेकडे वाहते हे नोंदवलं. त्या काळी ही मोठीच बातमी होती, कारण नायजर कुठल्या दिशेला वाहते यावरच युरोपात वाद चालू होता. याच प्रवासात एका टेकडीवरून त्याला खूप दूरवर काही डोंगर दिसले. ते कोंग नावाच्या मोठ्या राज्यात आहेत, असं तिथल्या लोकांनी त्याला सांगितलं होतं. पार्कचं म्हणणं एवढंच. तो स्वतः त्या डोंगरांपर्यंत गेला नाही.

पार्कचं प्रवासवर्णन १७९९ मध्ये प्रसिद्ध झालं. त्यासाठी नकाशा काढला जेम्स रेनेल यानं. हे नाव भारताच्या इतिहासाच्या विद्यार्थ्यांना ओळखीचं असेल. हाच तो बंगालचा पहिला सर्व्हेयर जनरल. बंगालमध्ये त्यानं नद्या, रस्ते, गावं वर्षानुवर्षं हिंडून मोजली. १७६६ मध्ये सर्वेक्षणाच्या कामावर असतानाच झालेल्या हल्ल्यात तो जबर जखमी झाला होता. म्हणजे खुर्चीत बसून नकाशे काढणारा माणूस नव्हता हा! इंग्लंडला परतल्यावर मात्र त्यानं आफ्रिकेचं जे काम केलं ते इतरांच्या वर्णनांवरून. आफ्रिकेत तो कधी गेला नाही.

रेनेलपुढे प्रश्न असा होता, की नायजर पूर्वेकडे वाहते, तर ती जाते कुठे? त्याचं मत होतं की ती आफ्रिकेच्या आत कुठेतरी दलदलीत, सरोवरांत पसरते आणि तिचं पाणी तिथेच आटतं. पण मग ती दक्षिणेला वळून गिनीच्या आखाताला का मिळत नाही? मध्ये काहीतरी आडवं असणार. पार्कनं पाहिलेले ते दूरचे डोंगर इथे अगदी चपखल बसले. शिवाय आखाताला मिळणाऱ्या नद्यांनाही कुठेतरी उगम हवाच. 'नदी डोंगरात उगम पावते' हे आपणही शाळेत शिकतोच की. रेनेलनं चार शिखरांची लांबलचक रांग केली आणि १७९८ च्या नकाशावर ती उमटली.

इथे जरा थांबा. रेनेल खोटं बोलत नव्हता. त्याला जी माहिती होती तिच्यावरून त्यानं तर्क केला, आणि तर्क करणं हे संशोधकाचं कामच आहे. अडचण अशी झाली की नकाशात तर्काला वेगळी शाई नसते. मोजून काढलेला डोंगर आणि अंदाजानं काढलेला डोंगर, दोन्ही सारखेच काळे दिसतात. त्यात खाली सही रेनेलची. बंगालमध्ये पायपीट करून कमावलेली पत, न पाहिलेल्या आफ्रिकेलाही लागू झाली.

पुढे नकाशावरून नकाशा होत गेला. १८०५ मध्ये जॉन कॅरी या इंग्रज नकाशाकारानं ही रांग पार पूर्वेकडच्या 'चंद्राच्या पर्वतां'ना नेऊन जोडली. १८३० मध्ये रिचर्ड आणि जॉन लँडर हे भाऊ नायजरमधून होडीनं खाली आले आणि नदी गिनीच्या आखातालाच मिळते हे सिद्ध झालं. ज्या कारणासाठी डोंगर उभे केले ते कारणच संपलं. तरी डोंगर मात्र जागच्या जागी राहिले! १८८२ मध्ये रिचर्ड बर्टनसारखा नावाजलेला प्रवासी हे डोंगर खरे आहेत असं लेख लिहून मांडत होता.

१८८७ मध्ये लुई-गुस्ताव्ह बँजे हा फ्रेंच अधिकारी बामाकोहून दक्षिणेकडे निघाला. १८८८ च्या फेब्रुवारीत तो कोंग या गावी पोहोचला. तिथे पर्वतरांग नव्हती. होतं ते उंचसखल पठार. नायजरकडे जाणारं पाणी आणि आखाताकडे जाणारं पाणी वेगळं करायला तेवढा हलका चढसुद्धा पुरेसा होता. १८८९ मध्ये पॅरिसला परतल्यावर बँजेनं भौगोलिक संस्थेच्या सभेत हे सांगितलं. त्यानंतर बहुतेक नकाशांवरून डोंगर पुसले गेले. बहुतेक म्हणतोय, कारण १९२८ च्या एका इंग्रजी ॲटलासमध्येही हे नाव आढळतं.

आता मला या गोष्टीत सगळ्यात जास्त टोचणारा भाग. कोंग हे काही रानातलं ओसाड ठिकाण नव्हतं. आजच्या आयव्हरी कोस्टच्या उत्तरेला असलेलं ते व्यापाराचं आणि इस्लामी विद्येचं नावाजलेलं केंद्र होतं. जुला व्यापारी कोलाची फळं, कापड, मीठ घेऊन याच मुलखातून ये-जा करायचे. रस्त्यात पर्वतरांग आहे की नाही, हे त्यांना विचारलं असतं तर समजलं असतं. ज्ञान होतं, पण नकाशा काढणाऱ्याच्या टेबलापर्यंत ते पोहोचलं नाही. नकाशावर गावाचं नाव उरलं ते एका नसलेल्या डोंगराला चिकटून. १८९७ मध्ये समोरी तुरेच्या सैन्यानं हे गाव उद्ध्वस्त केलं. कोंगची मातीची मशीद २०२१ पासून जागतिक वारसा यादीत आहे, त्या भागातल्या तशाच इतर मशिदींसोबत.

थॉमस बॅसेट आणि फिलिप पोर्टर या अभ्यासकांनी १९९१ च्या एका लेखात या डोंगरांचा माग काढला. १७९८ ते १८९२ या काळातले हे डोंगर दाखवणारे ४० नकाशे त्यांनी नोंदवले. वरवर बघणारा म्हणेल, चाळीस पुरावे! पण मागे मागे गेलं की बरीचशी वाट रेनेलच्या नकाशाशी आणि त्यामागच्या पार्कच्या चार ओळींशी येऊन थांबते.

आता माझं. माझा विषय १९व्या शतकातले आठवडी बाजार. एका बाजाराच्या स्थापनेचं साल मला चार पुस्तकांत सारखं मिळालं. त्या सालावर मी एका प्रकरणाचा सगळा मुद्दा उभा केला. गाइडनी आराखडा वाचला आणि एवढंच म्हणाले, "चार पुस्तकं आहेत ते दिसलं. चौथ्यानं कुठून घेतलं ते सांग." चौथ्यानं तिसऱ्यातून घेतलं होतं, तिसऱ्यानं दुसऱ्यातून, दुसऱ्यानं पहिल्यातून. आणि पहिल्यात त्या सालापुढे लिहिलं होतं, 'असे म्हणतात'. हे दोन शब्द वाटेत कुठेतरी गळून पडले होते. मला ते प्रकरण काढून टाकावं लागलं. दोन महिन्यांचं काम गेलं. वाईट वाटलं, पण व्हायव्हाच्या दिवशी कळण्यापेक्षा हे बरं.

म्हणून सांगतो. पुस्तकं मोजू नका, साक्षीदार मोजा. एखादी गोष्ट कुणी स्वतः पाहिली, कुणी ऐकली आणि कुणी तर्कानं काढली, हे टिपणवहीत तीन वेगळ्या खुणांनी लिहा. मूळ साधनात 'बहुधा', 'असे कळते' असेल, तर ते शब्द आपल्या वाक्यातही राहू द्या. मोठ्या अभ्यासकाचं नाव दिसलं की विचारा, हे त्याचं मोजलेलं क्षेत्र आहे की अंदाजाचं?

आणि माहिती नसेल तिथे जागा मोकळी सोडायला लाजू नका. दांव्हिल या फ्रेंच नकाशाकारानं १७४९ मध्येच आफ्रिकेच्या नकाशावर मोठाले भाग कोरे सोडले होते. त्यानंतर ४९ वर्षांनी रेनेलनं तिथली एक मोकळी जागा भरली, आणि ती पुन्हा कोरी करायला ९० वर्षं गेली.

तुमच्या विषयात असा एखादा डोंगर सापडला तर खाली जरूर लिहा. पुढच्या वेळी तळटिपेवरून मूळ साधनापर्यंत कसं पोहोचायचं, ते एका उदाहरणासह बघू.